लग्न लागलं, पुढे काय झालं?

दोस्तांनो, राजपुत्र आणि राजकन्येची गोष्ट तुम्ही लहानपणापासून ऐकत आला आहात. राक्षस मरतो, पैज जिंकली जाते, मांडव पडतो, अक्षता पडतात आणि आजी म्हणते, "झाली गोष्ट. आता झोपा." पण तुमच्यापैकी एखादीने पांघरुणातून डोकं बाहेर काढून विचारलंच असेल, "आजी, पुढे काय झालं?"

प्रश्न अगदी रास्त आहे, बरं का! लग्न एका दिवसात होतं. पुढे चाळीस-पन्नास वर्षं संसार असतो. त्या राणीचं सासूशी जमलं का? राजाराणीचं भांडण झालं तेव्हा आधी कोण बोललं? बाळाचं नाव कोणी ठेवलं? गोष्टी सांगणारे नेमके इथेच गप्प बसतात.

चित्रांतल्या गोष्टींचंही बहुधा तसंच असतं. आपला चिंटू 1991 साली वर्तमानपत्रात आला. त्याला वाचत वाढलेली मुलं पुढे आईबाबा झाली, पण चिंटू शाळकरीच राहिला! जपानमध्ये मात्र चित्रकथांचा एक वेगळा प्रकारही आहे. तिकडे चित्रकथेला 'मांगा' म्हणतात. रुमिको ताकाहाशी या चित्रकर्तीची 'मेझॉन इक्कोकू' ही मांगा 1980 ते 1987 अशी सात वर्षं चालली. प्रवेशपरीक्षेत नापास झालेला एक मुलगा, आणि तो राहतो त्या जुनाट घराची देखभाल करणारी एक तरुण विधवा, अशी त्यातली जोडी. मुलगा पुन्हा परीक्षेला बसतो, कॉलेजात जातो, नोकरीसाठी वणवण करतो. शेवटी दोघांचं लग्न होतं आणि बाळाला घेऊन ती त्याच जुन्या घरी परततात. वाचकांची वयं वाढत होती, तशी पात्रांचीही वाढत होती.

अशी मालिका आपल्या मराठी मुलखात आहे का?

आहे. आणि ती जपानी मालिकेहून कितीतरी जुनी आहे. फक्त ती कागदावर छापून येत नाही. ती गायली जाते. तिचे भाग रोज संध्याकाळी ओट्यावर होतात, टिपऱ्यांच्या ठेक्यावर. ती गाणाऱ्या बहुतेक जणी तुमच्याच वयाच्या. ऐकायची असेल तर चला माझ्याबरोबर खानदेशात!

आधी नकाशा उघडा

महाराष्ट्राच्या नकाशात वर, अगदी उत्तरेला बघा. तापी नदी पूर्वेकडून पश्चिमेकडे वाहताना दिसेल. तिच्या उत्तरेला सातपुडा, दक्षिणेला अजिंठ्याचे आणि सातमाळ्याचे डोंगर. मधली काळीभोर जमीन म्हणजे खानदेश. कापूस, केळी आणि भरीताची वांगी यांचा हा मुलूख. इंग्रजांच्या काळात हा सगळा एकच जिल्हा होता. 1906 साली त्याचे पूर्व खानदेश आणि पश्चिम खानदेश असे दोन भाग झाले. पूर्व खानदेश म्हणजे आजचा जळगाव जिल्हा. पश्चिम खानदेशाचा पुढे धुळे जिल्हा झाला आणि 1998 साली धुळ्यातून नंदुरबार वेगळा निघाला.

इथल्या घराघरांत अहिराणी बोलतात. जळगाव, भुसावळ, यावल, रावेर या बाजूला लेवा बोलीही कानावर पडते. अहिराणीत मुलाला 'आंडोर' आणि मुलीला 'आंडेर' म्हणतात. एवढे दोन शब्द पाठ केलेत तरी पुष्कळ झालं!

जायचं कधी? उन्हाळ्यात नको. जळगावचं ऊन तुम्हाला केळीसारखं पिकवून काढील. भाद्रपदातली पौर्णिमा गाठा, म्हणजे साधारण सप्टेंबर महिना. गणपतीचं विसर्जन नुकतंच झालेलं असतं. शेतात ज्वारी उभी असते, कपाशीला बोंडं धरलेली असतात.

ओट्यावर बसलेलं जोडपं

या पौर्णिमेला मुली घरात मातीच्या मूर्ती मांडतात. मूर्ती एकटीदुकटी नसते, जोडीची असते. शेजारी शेजारी बसलेले नवरा-बायको! ती भुलाबाई, तो भुलोबा. काही ठिकाणी तिला गुलाबाई म्हणतात आणि त्याला गुलोबा. सोबत त्यांचा बाळ गणोबा. आता तुम्ही ओळखलंच असेल की ही दोघं कोण. हे आपले शंकर आणि पार्वती. पण कैलासावरचे नव्हेत. हे गल्लीतले आहेत. त्यांच्या घरात धुणं आहे, भांडी आहेत, रुसवेफुगवे आहेत आणि एक रडकं बाळसुद्धा आहे.

भाद्रपद पौर्णिमेपासून अश्विनातल्या पौर्णिमेपर्यंत, म्हणजे कोजागिरीपर्यंत, पूर्ण एक महिना भुलाबाई मुक्कामाला असते. शाळा सुटली, दप्तरं भिरकावली, दिवेलागण झाली की मुलींचा घोळका निघतो. आज या घरी, मग त्या घरी. प्रत्येक घरच्या भुलाबाईपुढे बसून किंवा फेर धरून गाणी म्हणायची. पुण्या-साताऱ्याकडे नवरात्रात पाटावर हत्ती काढून त्याभोवती भोंडला किंवा हादगा करतात, तो तुम्हाला माहीत असेल. भुलाबाई ही त्याचीच खानदेश-वऱ्हाडातली बहीण. पण तिथे मधोमध हत्ती असतो आणि इथे असतो संसार, एवढा फरक लक्षात ठेवा.

गाणी संपली की खरी मजा. घरच्या काकू झाकलेला डबा घेऊन येतात. आत खिरापत असते. पण ती अशी सुखासुखी मिळत नाही. ओळखावी लागते! डबा कानाशी धरून हलवायचा. खुळखुळ वाजला तर फुटाणे किंवा दाणे. धप्प वाजला तर लाडू किंवा वडी. काहीच वाजलं नाही तर शिरा नाहीतर केळं. "आंबट की गोड? तळलेलं की भाजलेलं?" असे प्रश्न झडतात. काकूही काही कमी नसतात. डब्यात कापड कोंबून आवाज बंद करणाऱ्या काकू गल्लीत एक तरी असतेच.

आता मालिकेची गोष्ट ऐका

या गाण्यांना कोणी लेखक नाही. कोणी एकाच बैठकीत ती रचलेली नाहीत. तरी सगळी एकापुढे एक मांडली की दोघांच्या आयुष्याची सलग गोष्ट दिसू लागते.

पहिल्या भागात भांडण! सांगतात ते असं. शंकर आणि पार्वती सारीपाट खेळायला बसले. पार्वतीने डावामागून डाव जिंकले. शंकराला ते काही रुचलं नाही. रागावून उठला आणि थेट रानात निघून गेला. आता पार्वतीने काय करावं? रडत बसावं? तिने भिल्लिणीचं रूप घेतलं, रानात गेली आणि नाचू-गाऊ लागली. शंकर तिच्यावर भुलला. मग कळलं की ही तर आपलीच बायको! राग कुठल्या कुठे पळाला. तो भुलला म्हणून भुलोबा आणि तिने भुलवलं म्हणून भुलाबाई, असा नावांचा अर्थ लावतात. सातपुड्याच्या पायथ्याच्या या मुलखात भिल्लांची वस्ती मोठी आहे. तेव्हा पार्वतीने दुसरंतिसरं कुठलं रूप न घेता भिल्लिणीचंच का घेतलं, हे इथे आल्यावर चटकन समजतं.

सारीपाटाचा हा डाव दगडात कोरलेला पाहायचा असेल तर वेरूळला जा. तिथल्या 21 आणि 29 या क्रमांकांच्या लेण्यांत शिव-पार्वती सारीपाट खेळताना दिसतात. हजार वर्षांहून जुनं शिल्प, आणि विषय काय? नवराबायकोचा खेळ!

दुसरा भाग सासरचा. सुनेला माहेरी जायचंय. ती सासूला विचारते. सासू 'नाही' म्हणत नाही. ती म्हणते, आधी कारल्याचं बी लाव, मग जा. बी लावून होतं. मग म्हणते, वेल येऊ दे. मग फूल येऊ दे. मग कारलं लागू दे. मग भाजी कर, ती जेवायला वाढ, भांडी घास... आणि तरीही शेवटचा शब्द दुसऱ्याच कुणाचा तरी! एकीकडून दुसरीकडे, दुसरीकडून तिसरीकडे. कचेरीत दाखला काढायला गेलेल्या माणसाला विचारा, त्याला हे गाणं लगेच समजेल. मुली ते हसत हसत म्हणतात. पण थोडं थांबून विचार केलात, तर घशात आवंढा येतो.

आणखी एका गाण्यात सून आजारी पडते. सासरच्या वैद्याचं वर्णन ऐकाल तर हसून हसून पुरेवाट होते, इतका तो गबाळा. माहेरचा वैद्य मात्र राजासारखा ऐटबाज! औषध कदाचित दोघांचं सारखंच असेल. पण आजारपणात आपलं कोण वाटतं, ते गाणं बरोबर सांगून जातं.

तिसऱ्या भागात घरात बाळ येणार असतं. भुलाबाईला डोहाळे लागतात. बाळ जन्मतं. पाळणा बांधला जातो, बारसं होतं. गणोबासाठी दागिने, झबली, खेळणी यांच्या लांबच लांब याद्या होतात. रुसणारा भुलोबा आता बाप झालेला असतो. राजाराणीच्या गोष्टीत ही पानंच नसतात.

शेवटचा भाग कोजागिरीच्या रात्री. ज्वारीच्या ताटांची खोपी करून तिच्यात जोडप्याला बसवतात. त्या रात्री एक खिरापत पुरत नाही, डब्यांची रांग लागते. चांदण्यात आटीव दूध होतं. मग भुलाबाईला निरोप! पुढच्या भाद्रपदापर्यंत मालिका बंद. आणि पुन्हा सुरू होते तेव्हा पहिल्या भागापासून. फक्त गाणाऱ्या मुली एक वर्षाने मोठ्या झालेल्या असतात.

तेरा वर्षांची एक मुलगी

आता तुम्ही विचाराल, दहा-बारा वर्षांच्या मुलींना सासू, डोहाळे, बारसं यांच्याशी काय करायचंय?

याचं उत्तर शोधायला जुन्या जळगावात चला. तिथे चौधरी वाडा आहे. या वाड्यात बहिणाबाई चौधरी राहत होत्या. त्यांच्या कविता तुमच्या पाठ्यपुस्तकात आहेत. जळगावच्या विद्यापीठालाही 2018 साली त्यांचं नाव दिलं गेलं. वाड्यात त्यांच्या वापरातल्या वस्तू जपून ठेवल्या आहेत.

बहिणाबाईंचा जन्म 1880 साली आसोद्याला झाला. आसोदा जळगावपासून जेमतेम पाच-सहा किलोमीटरवर आहे. लग्न झालं तेव्हा त्या किती वर्षांच्या होत्या, ठाऊक आहे? तेरा! म्हणजे सातवी-आठवीतली मुलगी. त्या काळी हे काही नवल नव्हतं. घरोघरी असंच चाले. अशा मुलीला गाण्यांतली सासू ही कुठली लांबची गोष्ट नव्हती. ते तिचं पुढचं वर्ष होतं. शाळेत तिला कोणी घालत नसे. मग संसार म्हणजे काय, तिथे कोण कसं बोलतं, परवानगी कशी मागावी लागते, आजारी पडलं तर कोणाकडे बघायचं, हे सगळं ती मैत्रिणींच्या घोळक्यात टिपऱ्या वाजवत शिकत होती. भुलाबाई ही त्या मुलींची शाळा होती. आणि एक गोष्ट लक्षात घ्या. या शाळेत 'सासर म्हणजे स्वर्ग' असं कोणी शिकवत नव्हतं. कारलं कडू आहे, हे आधीच सांगून ठेवत होते.

बहिणाबाईंचा संसार फार काळ जोडीने झाला नाही. तिसाव्या वर्षी त्यांचे पती नथुजी वारले. पुढे शेती आणि मुलं त्यांनी एकटीने सांभाळली. जपानच्या त्या मालिकेतल्या तरुण विधवेला दुसरा जोडीदार मिळाला. आपल्याकडच्या हजारो बायकांना त्या काळी ते स्वप्नातही शक्य नव्हतं. बहिणाबाईंनी घरोट्याशी, शेतात, चुलीपुढे ओव्या रचल्या. त्यांना लिहिता येत नव्हतं. मुलगा सोपानदेव शाळेतला सावित्री-सत्यवानाचा धडा घरी मोठ्याने वाचत होता, तो ऐकून त्यांनी सावित्रीवर गाणं रचलं, अशी आठवण सोपानदेवांनी सांगितली आहे. सावित्रीची गोष्ट तरी कशाची? लग्नानंतरचीच की!

बहिणाबाई 1951 साली गेल्या. सोपानदेवांनी आणि त्यांच्या मावसभावाने उतरवून घेतलेल्या त्यांच्या कविता 1952 साली पुस्तकरूपाने निघाल्या. आचार्य अत्रे यांनी त्या जगापुढे आणल्या. ते कागद जपले गेले नसते, तर आपल्या हाती काय उरलं असतं? काहीच नाही. हे वाक्य ध्यानात ठेवा, पुढे कामाला येणार आहे.

एसटीने धुळ्याकडे

आता जळगाव सोडू. धुळं इथून साधारण 90-95 किलोमीटर. वाटेत एरंडोल लागतं. तिथून आत वळलात तर पद्मालय. कमळांनी भरलेलं तळं आणि काठावर गणपतीचं देऊळ. इथे गाभाऱ्यात एक नव्हे, दोन गणपती आहेत. एकाची सोंड उजवी, एकाची डावी! भुलाबाईच्या गाण्यांतला रडका गणोबा मोठा होऊन इथे येऊन बसला, असं समजा आणि नमस्कार करा.

पुढे पारोळा. गावात भुईकोट किल्ला आहे. 'भुईकोट' म्हणजे डोंगरावर नव्हे, सपाट जमिनीवर बांधलेला. आणि मग पांझरा नदीच्या काठचं धुळं. नदीकाठी एकवीरा देवीचं देऊळ, गावाबाहेर लळिंगचा डोंगरी किल्ला. इतिहासाची आवड असलेल्यांनी राजवाडे संशोधन मंडळ बघावं. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांची कागदपत्रं इथे आहेत.

पण आपण जोडप्याच्या मागावर आहोत. धुळ्याकडे आलात की समजतं, या मालिकेचे इतरही भाग आहेत आणि ते वर्षभर विखुरलेले आहेत.

वैशाखात अक्षय तृतीया येते. खानदेशात तिला 'आखाजी' म्हणतात. दिवाळीच्या तोडीस तोड सण! आखाजीला लग्न झालेल्या लेकी माहेरी येतात. भाऊ मुऱ्हाळी होऊन बहिणीला आणायला जातो. लिंबाच्या झाडांना झोके बांधतात. गौराई मांडतात. गौराई म्हणजे माहेरी आलेली पार्वतीच. झोक्यावर गाणी होतात आणि त्यांत सासरची सगळी उणीदुणी निघतात! घरात पुरणपोळी आणि आमरस असतो. सालदाराचं, म्हणजे शेतावर वर्षाच्या बोलीने राबणाऱ्या गड्याचं, वर्षही आखाजीलाच संपतं. म्हणजे त्या दिवशी सालदार मोकळा आणि सासुरवाशीणही मोकळी. चार दिवस का होईना!

श्रावणात नागपंचमीनंतरच्या रविवारी कानबाई येते. नारळाला डोळे, नथ, कुंकू लावून देवी सजवतात. अनेक ठिकाणी तिच्या सोबतीला कन्हेर असतो. म्हणजे इथेही जोडी आहेच. रात्रभर गाणी आणि नाच, सोमवारी वाजतगाजत विसर्जन. कानबाईचे 'रोट' करताना गहू मुठीने मोजतात, आणि अनेक घरांत ही मोजणी घरातल्या पुरुषांच्या संख्येवर होते. नोकरीसाठी नाशिक, पुणे, सुरतेला गेलेले भाऊ रोटासाठी गावी येतात. गव्हाची मूठ आपल्या नावाची असते ना!

इथे एखादी आंडेर विचारील, "आणि आमच्या नावाची मूठ?" विचारायलाच हवं. सणही बदलतात, पण कोणीतरी विचारलं तर.

आता हे गायचं की नाही?

मोठ्या माणसांत यावर दोन मतं आहेत. काही म्हणतात, सासू छळते, नणंद चुगल्या करते, ही गाणी आजच्या मुलींनी कशाला म्हणायची? 1929 च्या सारडा कायद्याने मुलीच्या लग्नाचं किमान वय 14 केलं. पुढे ते वाढत गेलं आणि 1978 साली 18 झालं. आज बारा वर्षांची मुलगी शाळेत असायला हवी, सासरी नव्हे. ती विज्ञानाची प्रयोगवही लिहील की डोहाळ्यांची गाणी म्हणेल?

म्हणणं खोटं नाही. पण मला वाटतं, गाणी टाकून देण्याआधी ती कोणाची आहेत ते बघावं. पोथ्या, पुराणं, बखरी बहुतेक पुरुषांनी लिहिल्या. राजाराणीच्या गोष्टी लग्नाशी थांबल्या, कारण पुढचं काम ज्यांनी केलं त्यांना कोणी विचारलं नाही. भुलाबाईची गाणी ही त्यांनी स्वतः सांगितलेली पुढची गोष्ट आहे. घरात ज्या सुनेला तोंड उघडायची सोय नव्हती, ती माहेरी आल्यावर गाण्यात बोलून घेत होती. देवाचं नाव घेतलं की कोणी रागावू शकत नव्हतं! सासूच्या कारल्याची थट्टा करून हसणं हे तिच्या हातातलं एकच हत्यार होतं. ते आपण बोथट म्हणून फेकून द्यायचं का?

शिवाय या गाण्यांत नुसतं रडगाणं नाही. रुसलेल्या नवऱ्याला शोधायला निघालेली बायको आहे. बाळाचा पाळणा हलवणारं जोडपं आहे. संसार दोघांचा असतो, त्यात भांडण होतं आणि ते मिटवताही येतं, हे मुलांना सांगणारं किती पुस्तकांत असतं? आणि हे फक्त मुलींनीच का ऐकावं? मुलगे आजवर खिरापतीपुरते यायचे. डबा उघडला की हजर! आता गाणी सुरू होताना हजर राहा. पुढे भुलोबा तुम्हालाच व्हायचंय. सारीपाटात हरलात तर रानात पळून न जाता दुसरा डाव मांडायला शिका.

जळगावात केशवस्मृती प्रतिष्ठानसारख्या संस्थांनी भुलाबाई महोत्सव भरवले आहेत. शाळाशाळांतले मुलींचे गट मंचावर येऊन गाणी म्हणतात. हे चांगलंच आहे. पण मंचावर पाच मिनिटं मिळतात, आणि ओट्यावर महिना मिळत होता. मंचावर येतात ती ठरावीक गाणी. तुमच्या गावची, तुमच्या गल्लीतली, तुमच्या आजीलाच येणारी गाणी तिथे पोचतीलच असं नाही.

आईबाबांनाही सांगा

म्हणून एक काम करा. अमळनेर याच जळगाव जिल्ह्यात आहे. तिथल्या शाळेत साने गुरुजी शिक्षक होते. 'श्यामची आई' लिहिणारे हेच गुरुजी. त्यांनी बायकांच्या तोंडच्या ओव्या गोळा केल्या आणि 'स्त्री जीवन' या नावाने पुस्तकात घातल्या. एवढा मोठा माणूस, पण जात्याशी बसलेल्या बायकांचं गाणं उतरवून घ्यायला त्याला कमीपणा वाटला नाही. मग आपल्याला का वाटावा?

एक शंभर पानी वही घ्या. आजी, पणजी, शेजारच्या मावशी, जी कोणी सापडेल तिच्याशेजारी बसा. भ्रमणध्वनीवर आवाज टिपून ठेवा, पण वहीतही लिहा. शब्द अहिराणी असेल तर अहिराणीच लिहा, 'शुद्ध' करायला जाऊ नका. गाणं आठवत नसेल तर ओवीऐवजी गोष्ट विचारा. "आजी, तुझं लग्न झालं तेव्हा तू केवढी होतीस? माहेर किती लांब होतं? जायला कोणाला विचारावं लागायचं? तुझं आणि आबांचं पहिलं भांडण कशावरून झालं? आधी कोण बोललं?"

शेवटच्या प्रश्नाला आजी बहुधा हसतील आणि आबा पेपरात तोंड खुपसतील. घाई करू नका. वही मिटून नुसतं बसा. थोड्या वेळाने दोघंही बोलायला लागतील, आणि दोघांची हकीगत वेगवेगळी निघेल. दोन्ही लिहून घ्या. तुमच्या घरची मालिका तीच.

आणि येत्या भाद्रपदात जमलं तर जळगावला या. संध्याकाळी सहाच्या पुढे कुठल्याही जुन्या गल्लीत कान द्या. टिपऱ्यांचा आवाज आला की त्या दिशेने जा. फक्त डबा कानाशी धरताना नीट हलवा. शिरा वाजत नाही!